‘मिसेस डिसा’ ते ‘मंथरा’ : ललिता पवार यांच्या चरित्र भूमिकांचा चिकित्सक विचार

प्रस्तावना

भारतीय चित्रपटाच्या इतिहासलेखनात नायक-नायिका, दिग्दर्शक आणि संगीतकार यांना जे स्थान मिळाले, ते चरित्र अभिनेत्यांच्या वाट्याला क्वचितच आले. वडील, आई, सासू, घरमालकीण, मुनीम, डॉक्टर अशा भूमिका करणारे कलावंत प्रेक्षकांच्या ओळखीचे असतात. परंतु त्यांच्या अभिनयाची समीक्षा एखाद्या विशेषणापलीकडे जात नाही. ललिता पवार हे या उपेक्षेचे ठळक उदाहरण होय. १९२८ सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटापासून विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकापर्यंत पसरलेली, सातशेहून अधिक चित्रपटांची म्हणून सांगितली जाणारी त्यांची कारकीर्द ‘खाष्ट सासू’ या दोन शब्दांत गुंडाळली जाते. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट आणि दूरचित्रवाणी अशी चारही स्थित्यंतरे अनुभवलेल्या अभिनेत्रीचे हे मूल्यमापन अपुरे आहे.

प्रस्तुत लेखात तीन प्रश्नांचा विचार केला आहे. पहिला, १९४२ सालच्या अपघाताने ललिता पवार ‘खलनायिका’ झाल्या, हे रूढ स्पष्टीकरण कितपत पुरेसे आहे? दुसरा, वरवर भिन्न दिसणाऱ्या त्यांच्या भूमिकांमध्ये काही समान सूत्र आढळते काय? आणि तिसरा, ‘अनाडी’मधील मिसेस डिसा या त्यांच्या गाजलेल्या भूमिकेकडे वसईसारख्या मराठीभाषक ख्रिस्ती समाजाच्या भूमीतून पाहिल्यास तिचा अर्थ कसा बदलतो?

नायिका आणि निर्माती

ललिता पवार यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवला येथे झाला. मूळ नाव अंबिका. पैठणीसाठी प्रसिद्ध असलेल्या या गावात त्यांच्या वडिलांचा रेशमी व सुती कापडाचा व्यवसाय होता. बालवयातच त्या चित्रपटात आल्या आणि मूकपटांच्या अखेरच्या काळात नायिका म्हणून स्थिरावल्या. ग. प. पवार यांच्याशी विवाह झाल्यानंतर त्यांच्या साहसपटांतून त्या सातत्याने झळकल्या. ‘हिम्मत-ए-मर्दा’ (१९३५) हा या टप्प्यातील गाजलेला बोलपट होय.

या काळातील एक बाब सहसा दुर्लक्षिली जाते, ती म्हणजे त्यांचे निर्मातीपण. ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या त्या सहनिर्मात्या होत्या व त्यात त्यांनी तिहेरी भूमिका केली होती. पुढे ‘दुनिया क्या है’ (१९३८) हा टॉलस्टॉय यांच्या ‘रिझरेक्शन’ या कादंबरीवर आधारित बोलपट त्यांनी काढला. विशीच्या आत-बाहेर असलेल्या मराठी तरुणीने स्वतः चित्रपट काढावा आणि त्यासाठी पतित ठरविलेल्या स्त्रीची रशियन कथा निवडावी, यातून स्वतःच्या भूमिका स्वतः निवडण्याची आकांक्षा दिसते. मराठीत भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९) आणि मास्टर विनायकांचा, वि. स. खांडेकरांच्या कथेवरील ‘अमृत’ (१९४१) हे त्यांचे चित्रपट याच सुमाराचे. म्हणजेच अपघातापूर्वीच त्या केवळ देखण्या नायिका या कक्षेबाहेर पडलेल्या होत्या. पुढील चरित्र भूमिकांची पूर्वतयारी येथे शोधावयास हवी.

अपघात : कारण की निमित्त?

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांना ललिता पवार यांच्या थोबाडीत मारावयाची होती. तो फटका जोराचा बसला. चेहऱ्याचा अर्धांगवायू झाला आणि दीर्घ उपचारांनंतरही डावा डोळा कायमचा अधू राहिला. नायिकापद संपले आणि ‘दुष्ट स्त्री’ जन्मास आली, असे हे कथानक सर्वत्र सांगितले जाते.

या स्पष्टीकरणात तथ्य आहे, पण ते अर्धेच आहे. डोळा अधू झाल्याने नायिकेच्या भूमिका मिळणे बंद झाले, हे खरे. परंतु अधू डोळा म्हणजे दुष्टपणा हे समीकरण निसर्गाचे नव्हे, चित्रपटसृष्टीचे आणि तिच्यामागील समाजाचे आहे. शारीरिक व्यंग हे नैतिक व्यंगाचे चिन्ह मानण्याची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. मंथरेचे कुबड आणि दूरचित्रवाणीवरील ‘महाभारत’ मालिकेतील शकुनीचे लंगडणे ही तिचीच रूपे होत. ललिता पवार यांनी ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) या चित्रपटात आणि पुन्हा पाव शतकानंतर रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ (१९८७-८८) या मालिकेत मंथरा साकारली. हा योगायोग नव्हता. निर्मात्यांना त्यांच्या चेहऱ्यात तयार चिन्ह सापडले होते.

तथापि अभिनेत्रीने त्या चिन्हाचे काय केले, हा स्वतंत्र प्रश्न आहे. प्रभातच्या ‘रामशास्त्री’ (१९४४) या चित्रपटात त्यांनी आनंदीबाई साकारली. गजानन जागीरदारांच्या रामशास्त्र्यांसमोर उभी राहणारी ही आनंदीबाई केवळ ‘ध’चा ‘मा’ करणारी स्त्री असती, तर ती लोकसमजुतीचे चित्र ठरली असती. ललिता पवारांनी तिला सत्तेची आस असलेली, आपली बाजू न्याय्य मानणारी स्त्री केले. त्यांची मिटल्यासारखी डावी पापणी आणि उघडा उजवा डोळा यांमुळे चेहऱ्यावर एकाच वेळी दोन भाव असल्याचा भास होतो. हिशेब करणारी आणि हिशेब लपविणारी अशा दोन्ही स्त्रिया त्यात दिसतात. मान किंचित कलती ठेवणे, शब्द संपल्यावरही नजर न काढणे, आवाज चढविण्यापूर्वी क्षणभर थांबणे या लकबी त्यांनी पुढे पद्धतशीरपणे वापरल्या. अपघाताने त्यांच्या चेहऱ्याला एक मर्यादा घातली. त्या मर्यादेची अभिनयभाषा मात्र त्यांनी स्वतः घडविली. म्हणून अपघात हे त्यांच्या चरित्र अभिनयाचे निमित्त ठरते, कारण नव्हे.

येथे वयाचाही मुद्दा लक्षात घेणे आवश्यक आहे. ‘दाग’ (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमार यांच्या आई झाल्या तेव्हा त्यांचे वय छत्तीस होते आणि पडद्यावरचा मुलगा त्यांच्यापेक्षा अवघ्या सहा-सात वर्षांनी लहान होता. ‘हम दोनो’ (१९६१) मधील मेजरची आई साकारताना देव आनंद आणि त्यांच्यातही साधारण तेवढेच अंतर होते. नायक चाळिशीतही नायक राहतो आणि त्याची समवयस्क अभिनेत्री त्याची आई होते, ही या व्यवसायाची रीत आहे. डोळा शाबूत असता तरी दहा वर्षांनी ललिता पवार आईच्या भूमिकांकडेच वळल्या असत्या. दुर्गा खोटे आणि लीला चिटणीस यांचा प्रवास याचीच साक्ष देतो.

घराची किल्ली हाती असलेली स्त्री

ललिता पवार यांच्या प्रमुख भूमिका एकत्र मांडल्या असता एक सूत्र स्पष्ट होते. त्या बहुधा किल्ली हाती असलेल्या स्त्रीची भूमिका करतात. ती सासू असेल, आत्या असेल, घरमालकीण असेल अथवा रुग्णालयातील मेट्रन असेल; कोणी आत यावे आणि कोणी बाहेर राहावे, याचा निर्णय तिच्या हाती असतो. लीला चिटणीस यांची आई बहुतेक वेळा सोसते, सुलोचना यांची आई क्षमा करते, दुर्गा खोटे यांची आई प्रतिष्ठेचे ओझे वाहते. ललिता पवारांची वडीलधारी स्त्री नियम घालते. हा फरक त्यांच्या अभिनयाच्या केंद्रस्थानी आहे.

व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’ (१९५०) मधील सासू हुंड्यासाठी सुनेचा छळ करते. हुंडा प्रतिबंधक कायदा १९६१ साली झाला. म्हणजे हा चित्रपट त्याच्या अकरा वर्षे आधीचा. हुंड्याचा लाभ पुरुषप्रधान कुटुंबाला होतो, पण मागणी मात्र सासूच्या तोंडून येते, ही व्यवस्थेची चलाखी या भूमिकेत उघड होते. तिचा क्रूरपणा स्वभावदोष म्हणून पाहणाऱ्या प्रेक्षकास तो चित्रपट सुलभ वाटेल. परंतु तिला हा अधिकार कोणी दिला, असा प्रश्न विचारणाऱ्यास ती व्यवस्थेची हस्तक दिसेल.

गुरुदत्त यांच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ (१९५५) मधील सीतादेवी ही याच सूत्राची वेगळी आवृत्ती होय. घटस्फोटाच्या हक्काचा पुरस्कार करणारी, पुरुषांविषयी अविश्वास बाळगणारी ही आत्या चित्रपटाने उपहासाचा विषय केली आहे. हिंदू विवाह कायदा त्याच वर्षी संमत झाला, हे ध्यानात घेता हा उपहास निरुपद्रवी ठरत नाही. स्त्रियांच्या कायदेशीर हक्कांची भाषा एका कठोर, प्रेमशून्य स्त्रीच्या तोंडी घालून ती भाषाच हास्यास्पद ठरविली जाते. ललिता पवारांचा अभिनय येथे उत्तम आहे, आणि म्हणूनच त्याचा परिणाम अधिक चिंताजनक आहे. अभिनयाचे कौतुक करताना तो कोणत्या विचाराच्या सेवेस जुंपला गेला, हे समीक्षेने टाळू नये.

‘जंगली’ (१९६१) मधील आई घरात हसण्यासच बंदी करते, तर ‘प्रोफेसर’ (१९६२) मधील सीतादेवी भाच्यांसाठी वयस्कर शिक्षकाचा आग्रह धरते आणि वृद्धाचे सोंग घेऊन आलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते. दोन्ही चित्रपट विनोदी आहेत; परंतु ‘प्रोफेसर’मध्ये या विनोदाच्या आड एक वेदना आहे. शिस्तीच्या आवरणाखाली जिचे तारुण्य कोणाच्या लक्षातही आले नाही, अशी स्त्री उतारवयात आरशासमोर उभी राहते. प्रेक्षक हसतो. ललिता पवार मात्र त्या स्त्रीला हसत नाहीत. भूमिकेची टिंगल न करता विनोद साधणे हे चरित्र अभिनेत्याचे अवघड काम त्यांनी येथे सहज केले आहे.

१९५९ : एक वर्ष, दोन भूमिका

त्यांच्या सामर्थ्याची खरी कसोटी १९५९ या एकाच वर्षातील दोन चित्रपटांतून पाहता येते. बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ आणि हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’. दोहोंची नायिका नूतन.

‘सुजाता’मध्ये अस्पृश्य समाजात जन्मलेली अनाथ मुलगी एका ब्राह्मण कुटुंबात वाढते. सुलोचना यांनी साकारलेली चारू तिला जवळ करते, पण पूर्णपणे ‘मुलगी’ म्हणू शकत नाही; ललिता पवार यांची गिरिबाला अर्थात बुआजी तिला सरळ नाकारते. वरवर पाहता बुआजी खलनायिका आहे. परंतु या दोन मराठी अभिनेत्रींच्या भूमिका शेजारी ठेवल्यास वेगळाच अर्थ उमटतो. बुआजीचा जातिभेद उघड आहे, चारूचा प्रेमात मिसळलेला आहे. बुआजी मोठ्याने बोलते म्हणून चारूचे मौन प्रेक्षकास ऐकू येते. ललिता पवारांनी बुआजीला राक्षसी न करता धर्मभीरू आणि स्वतःच्या दृष्टीने सदाचारी स्त्री ठेवले, त्यामुळे जातिभेद हा वाईट माणसांचा नसून ‘चांगल्या’ माणसांचाही व्यवहार आहे, हे चित्रपटाचे म्हणणे धारदार होते.

‘अनाडी’मध्ये तीच अभिनेत्री मिसेस डिसा होते. बेकार, भाबड्या राजकुमारला खोली देणारी ही घरमालकीण तोंडाने भाडे मागते आणि हाताने जेवण वाढते. भेसळयुक्त औषधाने तिचा मृत्यू होतो, विषप्रयोगाचा आळ राजकुमारवर येतो आणि औषध कंपनीच्या मालकाची सदसद्विवेकबुद्धी पणाला लागते. कथेचा नैतिक भार ज्या मृत्यूवर उभा आहे, त्या व्यक्तीवर प्रेक्षकाचे प्रेम जडले नसते तर सारा डोलारा कोसळला असता. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचाही पुरस्कार लाभला.

बुआजी आणि मिसेस डिसा यांचे साधन एकच आहे : करडा आवाज, रोखलेली नजर, आज्ञेची भाषा. फरक एवढाच की, एकीचे शब्द आणि कृती एका दिशेने जातात, तर दुसरीचे परस्परविरुद्ध. ममता व्यक्त करण्यासाठी त्यांनी आपला ‘खाष्ट’ बाज सोडला नाही, तर त्यालाच ममतेचे माध्यम केले. ‘श्री ४२०’ (१९५५) मधील केळीवाली गंगामाई ही या प्रयोगाची पहिली पायरी मानावी लागेल.

मिसेस डिसा आणि वसई

‘अनाडी’नंतर हृषीकेश मुखर्जी यांनी ‘मेमदीदी’ (१९६१) मध्ये ललिता पवार यांना थेट शीर्षकभूमिका दिली आणि ‘आनंद’ (१९७१) मध्ये रुग्णालयाची मेट्रन म्हणून पुन्हा आणले. त्या मेट्रनचे आडनावही डिसाच आहे. बारा वर्षांच्या अंतराने तेच नाव आणि तोच कडक-मायाळू स्वभाव परत येतो, तेव्हा एका व्यक्तिरेखेचा ‘नमुना’ तयार होतो.

डिसा हे आडनाव वसईच्या वाचकास परके नाही. डाबरे, लोपीस, परेरा, तुस्कानो, घोन्साल्विस यांच्याबरोबरच ते या परिसरात आढळते. त्यामुळे हिंदी चित्रपटातील ‘मिसेस डिसा’ आणि वसईतील डिसा यांच्यातील अंतर तपासणे येथे अप्रस्तुत ठरू नये. चित्रपटातील मिसेस डिसा पाश्चात्त्य पोशाखात वावरते आणि मुंबईच्या ख्रिस्ती वळणाची मोडकी हिंदी बोलते. तिला गाव नाही, शेतीवाडी नाही, भाषा नाही. वसईतील ख्रिस्ती समाज मात्र शतकानुशतके मराठीच्या बोली बोलत आला आहे. सामवेदी अर्थात कादोडी ही त्यांपैकी एक. लाल लुगडे नेसणारी, वाडीतील भाजी व केळी बाजारात नेणारी स्त्री ही या समाजाची परिचित प्रतिमा होती. फादर थॉमस स्टीफन्स यांच्या ‘ख्रिस्तपुराणा’पासून (१६१६) सुरू झालेली ख्रिस्ती मराठी साहित्याची परंपरा येथे ‘सुवार्ता’ मासिकाने, फादर फ्रान्सिस दिब्रिटो आणि सिसिलिया कार्व्हालो यांच्यासारख्या साहित्यिकांनी पुढे नेली. फादर दिब्रिटो २०२० साली उस्मानाबाद येथील ९३ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. हा समाज हिंदी पडद्यावर जवळपास नाही. तेथे ‘ख्रिस्ती’ म्हणजे फ्रॉक, मद्य आणि अशुद्ध हिंदी.

यातील विरोधाभास असा की, ही ‘परकी’ ख्रिस्ती स्त्री साकारणारी अभिनेत्री येवल्याची मराठी स्त्री होती, आणि तिला ज्यांचे प्रतिनिधित्व करावयाचे होते त्यांपैकी अनेकांची मातृभाषाही मराठीच होती. दोहोंना जोडणारी भाषा पडद्यावर कोठेच आली नाही. केळी विकणारी गंगामाई आणि मिसेस डिसा या हिंदी चित्रपटाने दोन निराळ्या जगांतील स्त्रिया मानल्या. वसईच्या बाजारात त्या एकच असू शकल्या असत्या.

तरीही या भूमिकेस केवळ साचा म्हणून नाकारणे अन्यायाचे होईल. त्या काळातील अनेक चित्रपटांत ख्रिस्ती पात्रे विनोदासाठी अथवा नृत्यगृहाच्या सजावटीसाठी येत असताना मिसेस डिसा ही कथेची नैतिक केंद्रबिंदू आहे. तिचे ख्रिस्तीपण हा विनोदाचा विषय नाही. अन्यधर्मीय तरुणास ती मुलासारखे वागविते आणि त्यासाठी त्याने धर्म बदलावा किंवा तिने आपला सोडावा, असे चित्रपट सुचवीत नाही. पोशाख व भाषेचा साचा लेखक-दिग्दर्शकांनी दिला; त्यातील माणूस अभिनेत्रीने भरला. साचा आणि माणूस यांतील ही ओढाताण हेच चरित्र अभिनयाचे क्षेत्र होय.

समारोप

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यातील औंध येथे ललिता पवार यांचे निधन झाले. २०२० सालच्या टाळेबंदीत ‘रामायण’ मालिका दूरदर्शनवर पुन्हा दाखविली गेली, तेव्हा नव्या पिढीने त्यांना पाहिले ते मंथरा म्हणून. ‘कैलाश’ची निर्माती, आनंदीबाई, गंगामाई आणि मिसेस डिसा यांच्यापर्यंत ही पिढी पोहोचली नाही, तर दोष तिचा नाही. अभ्यासक्रमांत व समीक्षेत चरित्र अभिनयाला जागा नसणे हे त्याचे कारण आहे.

वरील विवेचनातून काही निष्कर्ष संभवतात. अपघाताच्या कथेने ललिता पवारांची कारकीर्द सांगणे म्हणजे त्यांच्या कर्तृत्वाचे श्रेय एका दुर्घटनेस देणे होय. त्यांच्या भूमिकांचे समान सूत्र दुष्टपणा नसून अधिकार हे आहे, आणि तो अधिकार बहुतेक वेळा दुसऱ्या कोणाच्या हितासाठी स्त्रीच्या हाती दिलेला आहे. हुंडा, जात, कुटुंबशिस्त यांची पहारेकरी म्हणून उभ्या केलेल्या या स्त्रिया कधी व्यवस्थेचे खरे रूप दाखवितात, तर ‘मिस्टर अँड मिसेस ५५’प्रमाणे कधी स्त्रीविरोधी उपहासास बळ देतात. दोन्ही गोष्टी एकाच अभिनेत्रीच्या खात्यावर आहेत आणि समीक्षेने दोन्ही नोंदविल्या पाहिजेत.

मिसेस डिसाच्या बाबतीत तर स्थानिक महाविद्यालयांना एक काम हाती घेता येईल. वसई-विरार परिसरातील विद्यार्थ्यांनी हिंदी व मराठी चित्रपटांतील ख्रिस्ती पात्रांची भाषा, पोशाख आणि व्यवसाय यांची पद्धतशीर नोंद करून ती स्वतःच्या आजी-आजोबांच्या जीवनाशी ताडून पाहावी. अशा अभ्यासातून पडद्यावरील साचा कोठे संपतो आणि माणूस कोठे सुरू होतो, हे तपासण्यास ठोस आधार मिळेल. मराठी विभाग, समाजशास्त्र विभाग आणि माध्यम अभ्यास विभाग यांनी एकत्रितपणे करावे, असे हे काम आहे.